कात्री चालवणारे हात



चित्रपट सुरू होतो तेव्हा पडद्यावर नावे येऊ लागतात. त्या वेळी आपण काय करीत असतो? कोणी खुर्चीचा क्रमांक शोधीत असतो, कोणी मुलाला मांडीवर घेत असतो, कोणी शेजाऱ्याला ‘जरा सरकून घ्या’ म्हणत असतो. नट-नट्यांची नावे तेवढी डोळ्यांत भरतात आणि संगीतकाराचे नाव कानाला आठवते. याच नावांमध्ये एक नाव असते, ज्याच्या मागे ‘संकलन’ असा शब्द लिहिलेला असतो. ते कोणी वाचीत नाही. खेळ सुटल्यावर दारात उभे राहून दहा माणसांना विचारावे की, या चित्रपटाचा संकलक कोण? दहांपैकी एकालाही सांगता येणार नाही. आणि तरीही, आपण अडीच तास जागेवरून हललो नाही, मध्येच डोळे पुसले, मध्येच श्वास रोखून धरला, याचे मोठे श्रेय त्या न वाचलेल्या नावाकडे जाते. आज त्या नावाविषयी, त्या माणसाच्या उमेदवारीविषयी आणि त्याच्या हातातील कात्रीविषयी बोलावयाचे आहे.

खानदेशातील वडीलधाऱ्या मंडळींना चित्रपटाची फीत जोडण्याचा प्रकार अगदीच अपरिचित नाही. सारंगखेड्याच्या दत्ताच्या यात्रेत किंवा दुसऱ्या एखाद्या जत्रेत फिरत्या टॉकीजचा तंबू लागत असे. ऐन रंगात आलेल्या प्रसंगी फीत तुटावयाची, पडदा पांढराफटक व्हावयाचा आणि शिट्ट्यांचा पाऊस पडावयाचा. यंत्र चालवणारा ऑपरेटर घाईघाईने तुटलेली दोन टोके खरवडून, डिंकासारखा द्रव लावून चिकटवी आणि खेळ पुन्हा सुरू होई. या दुरुस्तीत दरवेळी फितीचा एखादा तुकडा वाया जाई. त्यामुळे मुंबईत पाहिलेला चित्रपट शेवटच्या गावी पोचेपर्यंत थोडा आखूड झालेला असे. हा ऑपरेटर फीत जोडी ती नाइलाजाने. संकलकही फीत तोडतो आणि जोडतो, परंतु हेतू धरून जोडतो. आपला आजचा विषय म्हणजे हा हेतू होय.

संकलन म्हणजे नक्की काय, हे समजण्यासाठी आपल्याच जिल्ह्यातील एक दाखला घेऊ. जळगावच्या जिनिंग कारखान्यात कपाशी जाते, सरकी एकीकडे पडते आणि रुई दुसरीकडे निघते. पुष्कळांची समजूत अशी असते की, संकलकाचे कामही असेच आहे. वाईट भाग टाकावयाचा आणि चांगला ठेवावयाचा. ही समजूत अर्धीच खरी आहे. कपाशीत सरकी कोणती आणि रुई कोणती, हे आधीच ठरलेले असते. चित्रपटात तसे नसते. एका ठिकाणी जो तुकडा निव्वळ कचरा वाटतो, तोच दुसऱ्या तुकड्याशेजारी ठेवला तर अमोल ठरतो. म्हणून मला दुसरा दाखला अधिक योग्य वाटतो, तो धुळ्याचा. इतिहासाचार्य राजवाडे यांनी गावोगाव हिंडून जुनी दफ्तरे गोळा केली. १९२६ च्या ३१ डिसेंबरला धुळ्यात त्यांचे देहावसान झाले आणि पुढल्याच वर्षी त्यांच्या नावाचे संशोधन मंडळ तेथे उभे राहिले. एखादा जुना कागद एकटा वाचला तर त्यात फारसे काही सापडत नाही. त्याची तिथी लावली, त्याच्या आधीचा आणि नंतरचा कागद शेजारी ठेवला, म्हणजे तो बोलू लागतो. संकलकाच्या टेबलावरही असेच मुके तुकडे येतात. त्यांना शेजार मिळवून देणे हे त्याचे काम.

चित्रपट जन्मला तेव्हा मात्र हे काम अस्तित्वातच नव्हते. पॅरिसमध्ये २८ डिसेंबर १८९५ रोजी ल्युमिएर बंधूंनी पैसे घेऊन आपला पहिला जाहीर खेळ केला. त्यांचीच चित्रे ७ जुलै १८९६ रोजी मुंबईच्या वॉटसन हॉटेलात दाखविली गेली. ही चित्रे जेमतेम एका मिनिटाची असत. कॅमेरा एका जागी ठेवावयाचा, फीत संपेपर्यंत मूठ फिरवावयाची, की झाले चित्र. गाडी फलाटावर आली, कामगार कारखान्यातून बाहेर पडले. जे घडले ते घडले तेवढ्याच वेळात दिसले. काळ कापता येतो, ही कल्पना अजून रुजावयाची होती.

ती कल्पना आपल्याकडे कशी रुजली, याची गोष्ट मोठी गोड आहे. नाशिक जिल्ह्यातील त्र्यंबकेश्वरी १८७० साली जन्मलेले धुंडिराज गोविंद फाळके यांनी १९१२ साली विलायतेहून कॅमेरा आणला. भांडवल देणाऱ्यांची खात्री पटावी म्हणून त्यांनी एक छोटेसे चित्र तयार केले. कुंडीत वाटाणा पेरला आणि त्याच्या वाढीची छायाचित्रे कॅमेरा न हलवता दिवसामागून दिवस थोडी थोडी घेतली. ती फीत पडद्यावर फिरली तेव्हा कित्येक दिवसांत वाढलेला अंकुर मिनिटाभरात वर आला. पाहणारे थक्क झाले. मधला सारा वेळ गाळला होता, परंतु पाहणाऱ्याला काही गाळल्याची जाणीवही झाली नाही. सबंध संकलनकलेचे बीज त्या वाटाण्यात होते, असे म्हणावयास हरकत नाही.

या कामात फाळक्यांच्या जोडीला दोन हात होते, त्यांचे नाव सरस्वतीबाई. कच्ची फीत घरी येई, तिच्या कडांना भोके पाडावी लागत, आणि तेही अंधारात, कारण उजेड लागला की फीत गेली. ते काम सरस्वतीबाई शिकल्या. रसायने कालवणे, फीत धुणे, उन्हात पांढरी चादर धरून नटांच्या तोंडावर उजेड पाडणे आणि तुकडे जोडणे हेही त्या शिकल्या. शिवाय चित्रपटाच्या सगळ्या गोतावळ्याचा स्वयंपाक त्यांच्याच चुलीवर होई. अंगावरचे दागिनेही या उद्योगापायी गहाण पडले. ‘राजा हरिश्चंद्र’ ३ मे १९१३ रोजी मुंबईच्या कॉरोनेशन सिनेमात लागला. त्याची लांबी सुमारे ३,७०० फूट होती. मूकपटाच्या त्या काळच्या गतीने सेकंदाला एक फूट फीत सरकते असे धरले, तर हा खेळ तासाभराचा होतो. त्या तासाभरातले जोड ज्यांनी जुळवले त्यांत सरस्वतीबाई होत्या, आणि म्हणून हिंदुस्थानातील पहिल्या चित्रपट संकलक म्हणून आज त्यांचे नाव घेतले जाते. परंतु हे नाव घ्यावयास आपल्याला पुष्कळ वर्षे लागली, हेही प्रांजळपणे कबूल केले पाहिजे.

आता प्रत्यक्ष काम पाहू. बोलपट आल्यावर फितीची गती ठरून गेली. सेकंदाला २४ चित्रे. पस्तीस मिलिमीटर रुंदीच्या फितीच्या एका फुटात १६ चित्रे बसतात, म्हणजे सेकंदाला दीड फूट आणि मिनिटाला ९० फूट. हजार फुटांचे एक रीळ म्हणजे सुमारे अकरा मिनिटे. अडीच तासांचा चित्रपट साडेतेरा हजार फुटांचा झाला. परंतु चित्रण होते ते याच्या कितीतरी पट. एकच वाक्य नट चार वेळा म्हणतो, तोच प्रसंग दुरून, जवळून, समोरून, पाठीमागून घेतला जातो. हा सारा ढीग संकलकाच्या खोलीत येऊन पडतो.

मूळ निगेटिव्हला कोणी हात लावीत नसे. तिच्यावरून एक कामचलाऊ प्रत काढीत, तिला ‘रश’ म्हणत. चित्राची फीत वेगळी, आवाजाची वेगळी. दोन्ही जुळवण्यासाठी प्रत्येक तुकड्याच्या आरंभी लाकडी पाटी आपटलेली असे, तो ‘क्लॅप’. पाटी मिटलेली दिसते ते चित्र आणि खट्‌ आवाज येतो ती जागा एकमेकींसमोर आणली, की ओठ आणि शब्द जुळले. मग मूव्हिओला नावाच्या यंत्रावर फीत पुढे-मागे फिरवावयाची, मेणाच्या पेन्सिलीने खूण करावयाची, तेथे कापावयाचे आणि दुसरा तुकडा जोडावयाचा. उरलेले तुकडे खिळ्यांना टांगून ठेवावयाचे, कारण आज नको असलेली दोन फूट फीत उद्या मागितली जाईल. साहाय्यकाला ती अर्ध्या मिनिटात सापडली पाहिजे. संकलकाची उमेदवारी सुरू होते ती अशी, नोंदी ठेवण्यापासून आणि टाकलेले तुकडे सांभाळण्यापासून.

कोणी विचारील, हे तर कारकुनीचे काम झाले, यात कला ती कोणती? याचे उत्तर रशियातील लेव्ह कुलेशॉव्ह नावाच्या दिग्दर्शकाच्या प्रयोगात सापडते. त्याने एका प्रसिद्ध नटाच्या चेहऱ्याचे एकच चित्र घेतले. चेहऱ्यावर विशेष भाव असा नव्हताच. त्या चेहऱ्यानंतर एकदा सुपाचा वाडगा जोडला, एकदा शवपेटी जोडली आणि एकदा एक स्त्री जोडली. तो चेहरा भुकेलेला, शोकाकुल, अनुरक्त असा निरनिराळा भासतो, असे या प्रयोगाविषयी सांगतात. चेहरा तोच होता, बदलला होता तो शेजार. म्हणजे अर्थ पहिल्या तुकड्यात नव्हता आणि दुसऱ्यातही नव्हता. तो दोहोंच्या सांध्यात जन्मला आणि तोही पाहणाऱ्याच्या मनात. श्रोतेहो, ही गोष्ट आपण लक्षात ठेवावी. व्याख्यानाच्या शेवटी मला तिच्याकडे परत यावयाचे आहे.

अशा माणसाची कारकीर्द कशी घडते, ते एका मराठी माणसाच्या आयुष्यावरून पाहू. गोव्याच्या बारदेश तालुक्यात पोंबुर्फा नावाचे गाव आहे. तेथील वामन भोसले हे तरुण १९५२ च्या सुमारास कामधंद्याच्या शोधात मुंबईला आले. गोवा तेव्हा पोर्तुगीजांच्या अमलाखाली होता. बॉम्बे टॉकीजमध्ये डी. एन. पै हे संकलक होते, त्यांच्या हाताखाली भोसल्यांना उमेदवारी मिळाली. पुढे ते फिल्मिस्तानात गेले आणि तेथे त्यांनी सुमारे बारा वर्षे साहाय्यक म्हणून काढली. बारा वर्षे म्हणजे आपल्याकडे एक तप. या तपात दुसऱ्याच्या नावावर जाणारे काम करावयाचे, दुसरा कोठे कापतो ते पाहावयाचे आणि आपण कोठे कापले असते ते मनात ठेवावयाचे. या विद्येचे गुरुकुल अशा प्रकारचे होते. पुण्यात प्रभात कंपनीच्या जागेवर सरकारी चित्रपट संस्था १९६० साली निघाली. तोवर ही विद्या अशीच एका हातातून दुसऱ्या हातात जात असे. ‘सांगत्ये ऐका’ या १९५९ च्या गाजलेल्या तमाशापटाचे दिग्दर्शक अनंत माने हेदेखील प्रभातच्या संकलन खात्यात तयार झालेले होते.

भोसल्यांचे नाव स्वतंत्र संकलक म्हणून पुढे आले ते राज खोसला यांच्या ‘दो रास्ते’ या १९६९ च्या चित्रपटाने. चंद्रकांत काकोडकरांच्या ‘निलांबरी’ या मराठी कादंबरीवर तो आधारलेला होता. सहकारी शिराली यांच्यासह ‘वामन-गुरू’ या जोडनावाने त्यांनी पुढे कितीतरी चित्रपट संकलित केले. ‘मेरा गाँव मेरा देश’ (१९७१), ‘मेरे अपने’ (१९७१), ‘परिचय’ (१९७२), ‘आँधी’ (१९७५), ‘मौसम’ (१९७५), ‘दोस्ताना’ (१९८०), ‘कर्ज’ (१९८०), ‘अग्निपथ’ (१९९०). ही यादी जरा शांतपणे पाहावी. डाकू आणि बंदुकांचा चित्रपट याच हातांनी जुळवला आणि ‘आँधी’सारखा, दुरावलेल्या पतिपत्नींच्या आठवणींचा चित्रपटही याच हातांनी. पहिल्यात घोडा उधळला की प्रेक्षकाच्या छातीचे ठोकेही उधळले पाहिजेत, म्हणून तुकडे आखूड. दुसऱ्यात नायिका जुन्या आठवणीत जाते तेव्हा प्रेक्षकाने तिच्याबरोबर हळूच मागे गेले पाहिजे. ती कोठे थांबली, कोणत्या नजरेवर वर्तमान संपले आणि भूतकाळ सुरू झाला, ही जागा एक-दोन फूट चुकली तरी प्रेक्षक गोंधळतो. ती बरोबर साधली तर त्याला काही जोडल्याचे कळतही नाही. संकलकाचा हा मोठा विलक्षण व्यवसाय आहे. काम उत्तम झाले तर ते दिसत नाही आणि बिघडले तरच दिसते.

राज सिप्पी यांच्या ‘इन्कार’ या १९७७ च्या चित्रपटासाठी भोसल्यांना संकलनाचे राष्ट्रीय पारितोषिक मिळाले. जपानी दिग्दर्शक अकिरा कुरोसावा यांच्या १९६३ च्या एका चित्रपटावरून तो बेतलेला होता. एका श्रीमंताच्या मुलाऐवजी त्याच्या नोकराचे मूल पळवले जाते आणि खंडणी द्यावयाची की नाही, असा पेच पडतो. अशा कथेत सगळी मदार वेळेवर असते. घड्याळ किती वेळा दाखवावयाचे, दूरध्वनी किती वेळ वाजू द्यावयाचा, उत्तर देण्यापूर्वी माणसाला किती क्षण गप्प ठेवावयाचे, याचा निर्णय शेवटी कात्री करते. पुढे ‘सौदागर’ (१९९१) साठी त्यांना फिल्मफेअर पारितोषिकही मिळाले. २६ एप्रिल २०२१ रोजी मुंबईत त्यांचे निधन झाले. त्यांनी जुळवलेले चित्रपट पाहून हसलेली-रडलेली माणसे कोट्यवधी असतील. त्यांचा चेहरा ओळखणारी मात्र फार थोडी.

सरस्वतीबाईंनी सुरू केलेल्या या कामात पुढे स्त्रियाही नावारूपाला आल्या. फ्रान्समध्ये तर हे प्रामुख्याने स्त्रियांचेच काम समजले जाई. फीत जोडणे हे शिवणकामासारखे चिवट आणि नाजूक बोटांचे काम, अशी त्या उद्योगाची आरंभीची समजूत होती आणि त्यामुळे मोबदला व मान दोन्ही कमी. परंतु त्याच खोल्यांतून मोठ्या कलावती निघाल्या. झाँ रन्वार यांचे १९३० नंतरच्या दशकातील चित्रपट मार्गरीत रन्वार यांनी संकलित केले. १९६० साली झाँ-लुक गोदार यांच्या पहिल्या चित्रपटात सेसील देक्युजीस यांनी बोलणाऱ्या माणसाच्या चित्रणातूनच मधले तुकडे काढून टाकले. माणूस तोच, जागा तीच, पण चित्र झटका खाऊन पुढे उडी घेते. जोड लपवावयाचा, हा पन्नास वर्षांचा दंडक त्यांनी उघडपणे मोडला. गोदार यांच्या त्यापुढील अनेक चित्रपटांना आन्येस गिय्यमो यांचा हात लागला.

आपल्याकडे रेणू सलुजा यांचे नाव आदराने घेतले पाहिजे. पुण्याच्या चित्रपट संस्थेत शिकलेल्या या बाईंनी ‘परिंदा’, ‘धारावी’, ‘सरदार’ आणि ‘गॉडमदर’ या चार चित्रपटांसाठी राष्ट्रीय पारितोषिके मिळविली. २००० साली, पन्नाशीही गाठण्यापूर्वी त्या गेल्या. त्यांनी संकलित केलेल्या ‘अर्धसत्य’ (१९८३) या चित्रपटाशी आपले निकटचे नाते आहे. त्याची कथा श्री. दा. पानवलकरांची, पटकथा विजय तेंडुलकरांची आणि त्यातील नायिका म्हणजे ज्यांचे घराणे आपल्या शिरपूरचे, त्या स्मिता पाटील. स्मिताबाईंच्या अभिनयाविषयी आपण अभिमानाने बोलतो आणि ते योग्यच आहे. परंतु त्यांचे ते बोलके मौन पडद्यावर किती क्षण टिकावे, त्यावर समोरच्या माणसाचे तोंड केव्हा यावे, हे संकलकाच्या टेबलावर ठरले. नटीने मौन दिले आणि संकलकाने त्याला पुरेशी जागा दिली. दोघींचे मिळून ते आपल्यापर्यंत पोचले.

आता फीत गेली, मूव्हिओला गेला, डिंकही गेला. संगणकाच्या पडद्यावर बोटाच्या एका हालचालीने कापता येते आणि चुकले तर क्षणात पूर्ववत करता येते. किंबहुना आज प्रत्येकाच्या खिशातील मोबाइलमध्ये ती कात्री आहे. लग्नाची चित्रफीत, शाळेचे संमेलन, निवडणुकीतले भाषण, सारे कोणीही कापतो आणि कोणीही जोडतो. एका तपाची उमेदवारी लागत नाही. यात आनंद मानण्यासारखे पुष्कळ आहे. परंतु कुलेशॉव्हच्या त्या चेहऱ्याची आठवण ठेवून मला एक कठीण गोष्ट येथे बोललीच पाहिजे.

२०१८ साली एक चित्रफीत देशभर मोबाइलवर फिरली. मोटारसायकलवरून दोघे जण येतात आणि रस्त्यावर खेळणारे मूल उचलून पळतात. ज्याने ती पाहिली त्याचा थरकाप झाला. वास्तविक ती फीत कराचीतील एका संस्थेने मुलांच्या सुरक्षिततेविषयी लोकांना सावध करण्यासाठी तयार केलेली होती. मूळ फितीत पुढे ते दोघे परत येतात, मूल सुखरूप खाली ठेवतात आणि सावधगिरीची सूचना लिहिलेला फलक दाखवतात. कोणीतरी शेवट तेवढा कापला. काही सेकंद गेले आणि उपदेशाची अफवा झाली. त्या वर्षी मुले पळवणाऱ्या टोळ्यांच्या अशा अफवा अनेक प्रांतांत पसरल्या आणि निरपराध माणसे मारली गेली. आपल्या धुळे जिल्ह्यातही तसे झाले. साक्री तालुक्यातील राईनपाडा येथे १ जुलै २०१८ रोजी भिक्षुकीसाठी आलेल्या पाच जणांना जमावाने मुले पळवणारे समजून ठार मारले. सोलापूरकडून पोटासाठी हिंडत आलेली ती माणसे होती. तेथील जमावापैकी कोणी नेमके काय पाहिले होते, हे मी सांगत नाही. एवढेच सांगतो की, त्या दिवसांत भय मोबाइलवरून पसरत होते आणि भयाच्या फितीला शेवट ठेवलेला नव्हता.

श्रोतेहो, म्हणून संकलकाची ओळख करून घेणे ही केवळ सिनेमाच्या शौकिनांची हौस राहिलेली नाही. चांगला संकलकही कापतो, गाळतो, काळ आखडतो. वाईट हेतूचा माणूसही तेच करतो. हत्यार एकच आहे. अंतर आहे ते एवढेच की, पहिला जे गाळतो त्याने सत्य अधिक स्पष्ट दिसते आणि दुसरा जे गाळतो त्याने ते नाहीसे होते. फाळक्यांनी कित्येक दिवस मिनिटात आणले, पण वाटाण्याचा वाटाणाच उगवला. अंकुर खोटा नव्हता.

तेव्हा यापुढे चित्रपटाला जाल तेव्हा पाच मिनिटे आधी जा आणि ‘संकलन’ या शब्दापुढचे नाव वाचा. खेळ रंगला असेल तर बाहेर पडताना ते आठवा, त्या माणसाच्या कष्टाची तेवढीच पावती असते. आणि मोबाइलवर एखादी चित्रफीत पाहून रक्त तापू लागेल, तेव्हा संतापण्यापूर्वी स्वतःला तीन प्रश्न विचारा. हा तुकडा कोणी कापला? याच्या आधी काय होते? आणि याच्या पुढे काय होते? राजवाड्यांनी कागदाला जे प्रश्न विचारले तेच हे प्रश्न आहेत. ते विचारण्याची सवय आपल्या घराघरांत लागली, तर वसंतातल्या या एका संध्याकाळचे सार्थक झाले असे मी समजेन.